अफूच्या अड्ड्यावरची पाटी

बर्लिन, १२ फेब्रुवारी १९२१

ती. सुईताईस, तिंगक्वानचा सा. न. वि. वि.

तुझं पत्र पोचलं. मी खुशाल आहे. आपल्या गावची कोरीव दगडी माकडं विकत दारोदार फिरणारा तुझा भाऊ सध्या सिनेमात आहे, हसू नकोस! आम्हा चिन्यांना इथे एकच काम, दुष्टाचं. मी अफूच्या अड्ड्याचा मालक झालोय. डोळे बारीक करायचे आणि गोऱ्या नायिकेकडे बघत बसायचं.

अड्ड्याला पाटी हवी होती. दिग्दर्शक म्हणाला, काहीही खरड, वाचणार कोण आहे! मी ब्रश घेतला आणि आपल्या लिपीत लिहिलं, ‘युआन, आई रागावलेली नाही, घरी पत्र पाठव.’ जहाजावर कोळसा टाकायला पळून गेलेला आपला धाकटा चार वर्षं झाली तरी इकडच्याच कुठल्यातरी बंदरात असेल, असं मला वाटत राहतं. खलाशी सिनेमे फार बघतात.

सेट रंगवणाऱ्या म्हाताऱ्या हाइनरिच्सना मी अर्थ सांगितला. त्यांचा मुलगा युद्धावरून परत आलेला नाही. चित्रण सुरू व्हायच्या आधी ते एक दिवा पाटीकडे वळवून गेले. ताई, त्यांचे उपकार कसे फेडू?

आईला हे सांगशील ना? तुझी माया आजवर पुरली, पुढेही पुरू दे.

तुझा तिंगक्वान

छिंगथ्येन, २ मे १९२१

चि. तिंगक्वान यास अ. उ. आ.

नेहमीप्रमाणे मी सांगतेय आणि तुझे भावोजी लिहिताहेत. तू आणि दुष्ट? बदक कापायचं म्हटलं की घराबाहेर पळायचास तू! भावोजींना हसू आवरेना, म्हणून वर शाई सांडली आहे.

पण बाबा रे, कुणाला विचारून लिहिलंस ते? आई रागावलेली आहे. पुन्हा तोंड दाखवू नकोस, हा शब्द तिनं अजून मागे घेतलेला नाही. खोकल्यानं फार वाळली आहे. तिचा आणि युआनचा अबोला असाच राहून जाईल, हा एकच घोर माझ्या जिवाला आहे. परवा दारात पोस्टमन थांबला तर माझ्याआधी तीच उठली. नंतर म्हणते, कोंबड्या हाकायला उठले होते.

पाटीचं मी तिला सांगितलेलं नाही. हाइनरिच्स आजोबांना नमस्कार सांग. जपून राहा, आणि बोलले म्हणून ताईवर रुसू नकोस.

तुझी सुईताई

छिंगथ्येन, १६ जानेवारी १९२२

चि. तिंगक्वान यास अ. उ. आ.

युआनचं पत्र आलं! तो रॉटरडॅमला आहे, धडधाकट आहे. तिथे त्यानं तुझा सिनेमा पाहिला. तुला ओळखलंच नाही म्हणतो, इतक्या मिशा लावल्या होत्या तुला. पण पाटीवरचं तुझं अक्षर ओळखलं. खात्री करायला आणखी तीन दिवस जाऊन बसला. आई रागावलेली नाही हे वाचलं म्हणून धीर झाला, नाहीतर जन्मात लिहिलं नसतं, असं लिहितो. भाऊराया, तुझे आणि त्या आजोबांचे पांग मी कशी फेडू?

तुझे भावोजी आईसमोर भरभर वाचत सुटले. मी डोळे वटारेपर्यंत पाटीसकट सगळं वाचून मोकळे. आई उठून बसली, म्हणाली, मी कधी म्हटलं असं? मी घाबरून सगळं तुझ्यावर ढकललं, माफ कर. आईनं ते पत्र हातात घेऊन उलटंपालटं पाहिलं. मग म्हणाली, मी रागावलेली नाही असं इतक्या गावांत दाखवून झालंय, आता एका लेकाला खोटं पाडून दुसऱ्यावर राग कसा धरू?

तुमच्या दोघांच्या पत्रांची भुकेली,
सुईताई