स्ट्रेचरवरून हलवलेला हात

ती. दाजींना साष्टांग नमस्कार.

आधी तुमच्या रक्तदाबाची चौकशी करतो, कारण पुढचं वाचून तो चढणार आहे. ताईला हे पत्र दाखवू नका. इकडे सगळे मजेत (म्हणजे मी सोडून).

सत्तावीस वर्षांपूर्वीचा फुटबॉलचा तो अंतिम सामना तुम्ही विसरला नसालच. आपण दोघं स्ट्रेचर उचलायला होतो. समोरच्या संघाचा सेंटर फॉरवर्ड आपल्या गोलकीपरवर आदळला, गोलकीपरचा खांदा कायमचा गेला, आणि त्या फॉरवर्डला लोक आजतागायत हाडमोड्या म्हणतात. खरं काय घडलं ते आपण दोघांनी पोटात ठेवलं. तर आता क्लबच्या माळ्यावर त्या सामन्याचं आणखी एक रीळ सापडलंय, गोलच्या मागून घेतलेलं. जुनी रिळं सांभाळणाऱ्या बाईंनी त्यातली माणसं ओळखायला मला बोलावलं. (मैदानावरचा सगळ्यात जुना नोकर असण्याचे हे फायदे.) खोलीत शिरलो तर गोलकीपर आणि फॉरवर्ड आधीच येऊन बसलेले, मध्ये एक खुर्ची रिकामी. तिथे मला बसवलं.

पडद्यावर टक्कर झाली. आपण धावत आलो (तुम्ही काय सडपातळ होता हो!), त्याला उचललं. स्ट्रेचरवर आडवा पडलेला गोलकीपर प्रेक्षकांना हात हलवत होता, उजवा हात, चांगला डोक्याच्या वर. मग मागचा माणूस अडखळला, स्ट्रेचर कलंडलं आणि तो हात दिसेनासा झाला. बाईंनी चित्र थांबवलं. यंत्राचा पंखा तेवढा घरघरत होता.

"माझा धक्का लागल्यावर हा हात हलवतोय," फॉरवर्ड म्हणाला.

त्यानं तो तुकडा पुन्हा लावायला सांगितला. मग आणखी एकदा. मला पळून जायचं होतं, पण दोन्ही बाजूंना दोघांचे लांबलचक पाय. शेवटी गोलकीपर जमिनीकडे बघत म्हणाला, "मला माहीत होतं. स्ट्रेचरवरून पडून संपलो, हे सांगायची लाज वाटली."

फॉरवर्ड उठला. आता खरंच हाड मोडतंय असं मला वाटलं. त्याच्या मुलीला शाळेत 'हाडमोड्याची' म्हणून हाक मारत, तिनं शाळा बदलली, तिथेही तेच झालं, हे त्यानं सांगितलं. आवाज जराही चढवला नाही, म्हणून जास्त भीती वाटली. गोलकीपर निघायला म्हणून कोट चढवू लागला. तो हात अजून वर जात नाही. फॉरवर्ड त्याची धडपड बराच वेळ बघत राहिला. मग त्यानं बाही धरली आणि तो हात आत घातला.

"माफ केलेलं नाही," तो म्हणाला. "पण चल, चहा घेऊ."

बाकी सर्व क्षेम, असं शेवटी लिहितात, म्हणून मीही लिहितो.

तुमचा मेहुणा

ता. क. 'मागचा माणूस कोण?' असं बाईंनी विचारलं होतं. दोघांच्या टोप्या सारख्या, चेहरे दिसत नाहीत. मी तुमचं नाव सांगितलं. मागे मी होतो हे आपल्या दोघांनाच ठाऊक आहे, तेवढं सांभाळून घ्या.

ता. क. २. ते दोघं रविवारी तुमच्याकडे येताहेत. पत्ता मीच दिला.

ता. क. ३. बायकोनं हे पत्र वाचलं आणि दोन दिवस माझ्याशी बोललेली नाही. मी शनिवारीच येतो. रविवारी बेल वाजली की तुम्ही बसून राहा. दार मी उघडेन.