बोग्यांची आघाडी

५ ऑक्टोबर, सोमवार

आजपासून पुन्हा डायरी. माणूस मोठा होतो तेव्हा त्याची नोंद कुणीतरी ठेवायला हवी आणि घरात दुसरं कुणी तयार नाही.

घटना अशी. सतरा वर्षं मी मॉलच्या माहिती कक्षात बसून माईकवर सांगतोय की निळ्या गाडीच्या मालकांनी आपली गाडी गेटसमोरून हलवावी. मालक बदलतात, गाड्या बदलतात, रंग निळाच. आज दुपारी निळी गाडी हलवून तिचे मालक थेट माझ्या काउंटरवर आले. वाटलं, भांडायला आले. तर म्हणाले, आवाज छान आहे तुमचा. स्पोर्ट्स चॅनेलचे प्रोड्यूसर निघाले. गुरुवारपासून व्यावसायिक गोल्फची मोठी स्पर्धा आहे, चार दिवसांची. त्यांच्या कॉमेंटेटरचा घसा बसलाय. मला विचारलं, गोल्फ कळतो का?

मी नुसता हसलो. हसण्यात सगळं आलं.

चार दिवस जमलं तर वर्षाचं कॉन्ट्रॅक्ट. निळी गाडी कायमची सुटली!

घरी सांगितलं. ही म्हणाली, तुम्हाला गोल्फ कधीपासून यायला लागला? मी म्हणालो, खेळणं वेगळं, बोलणं वेगळं. मी राजकारणावर रोज बोलतो, निवडून कुठे आलोय? लेकीने मोबाइलमधून डोकं वर न काढता विचारलं की त्यात बॉल कुठे घालतात एवढं तरी ठाऊक आहे का. भोकात! हे मला पक्कं माहीत होतं. म्हणजे निम्मा खेळ आला.

संकल्प : उरलेला निम्मा दोन दिवसांत.

६ ऑक्टोबर, मंगळवार

अभ्यास झाला नाही. गोल्फची पँट घ्यायला गेलो. मोठ्या चौकड्यांची, हिरवी-पिवळी. ही म्हणाली, कॉमेंटेटर दिसत नाही, नुसता ऐकू येतो. हिला कोण सांगणार की पँटचा आवाजावर परिणाम होतो.

हातमोजाही घेतला. दुकानदाराने एकच दिला, डाव्या हाताचा. म्हणाला, गोल्फमध्ये एकच घालतात. सरळसरळ टोपी घातली मला. पण आता मी मोठा माणूस, भांडत बसलो नाही.

७ ऑक्टोबर, बुधवार

सकाळी प्रोड्यूसरचा फोन. गोल्फमध्ये ओरडायचं नसतं म्हणे, कुजबुजत बोलायचं. घरीच सराव सुरू केला. जेवताना कुजबुजत मीठ मागितलं. ही म्हणाली, काय लपवताय? लेकीने विचारलं, कोण गेलं? सासूबाई राहायला आल्या आहेत. त्या मुकाट्याने उठल्या आणि कान तपासायची अपॉइंटमेंट घेऊन आल्या.

दुपारी राजीनामा दिला. मॅनेजर जागेवर नव्हते. टेबलावर ठेवला, उडू नये म्हणून वर त्यांचाच चहाचा कप ठेवला. हिचं म्हणणं, चार दिवसांची रजा घेतली असती तरी चाललं असतं. मी म्हणालो, परतीचे दोर कापल्याशिवाय माणूस लढत नाही. ही म्हणाली, घराचे हप्तेही दोराला बांधलेत ना.

अभ्यास : एक पान. बर्डी, बोगी, कट. सगळे ओळखीचे शब्द. पुढे वाचायची गरज वाटली नाही.

८ ऑक्टोबर, गुरुवार. स्पर्धेचा पहिला दिवस!

जिंकलो. दुसरा शब्द नाही.

तिसऱ्या मजल्यावर काचेची खोली, एक मोठा पडदा, दोन माईक. शेजारी जोडीला बोलणाऱ्या मॅडम. या स्वतः गोल्फ खेळलेल्या. काचेपलीकडे प्रोड्यूसर. खेळाडूंच्या नावांवर जीभ अडखळायला लागली तेव्हा ते म्हणाले, टोपणनावं ठेवा बिनधास्त. ठेवली. एक हसरा, एक दाढीवाला. बाकीचे किरकोळ.

दाढीवाल्याला मी पहिल्या तासातच हेरलं. त्याने बोगी लावली. मग आणखी एक बोगी. चौथी बोगी जोडली तेव्हा मी कुजबुजलो, मंडळी, गाडी लांबत चाललीय! सातवीला म्हणालो, आता प्लॅटफॉर्म पुरणार नाही! उलट तो हसरा. दिवसभरात एकही बोगी नाही. नुसतं इंजिन घेऊन फिरतोय. जेव्हा बघावं तेव्हा बर्डी. खेळायला आल्यावर पक्ष्यांकडे लक्ष कशाला? स्कोअर चक्क वजा सहा. शाळेत मला कमी मार्क पडले असतील, पण वजा कधी नाही. मी त्याच्या आईवडिलांबद्दल सहानुभूती व्यक्त केली.

मॅडम मध्येमध्ये काहीतरी सांगू बघत होत्या. प्रोड्यूसरने काचेतून त्यांना गप्प बसायची खूण केली. माझा ओघ तुटू नये म्हणून. नंतर मॅडम टेबलाखाली गेल्या. खांदे हलत होते. काही माणसं फार हळवी असतात.

एक चूक मी लगेच पकडली. चॅनेलवाले स्कोअरची पाटी उलटी लावतात. वजावाले वर, दाढीवाला तळाला. प्रोड्यूसरना सांगितलं. ते डोळे पुसत म्हणाले, हे माईकवर सांगा ना.

सांगितलं.

९ ऑक्टोबर, शुक्रवार. सकाळी

मी रातोरात प्रसिद्ध! लेकीच्या कॉलेजात सगळे माझंच बोलणं मोबाइलवर ऐकताहेत. तिला विचारलं, लोकांना आवडलं का? ती म्हणाली, बाबा, लोक जमिनीवर लोळताहेत. एवढं प्रेम मला अपेक्षित नव्हतं.

संध्याकाळी

दाढीवाला आज कालच्यापेक्षा भारी. बॉल तळ्यात घातला. बाकी सगळे तळ्याला वळसा घालून भित्र्यासारखे गेले, हा थेट पाण्यात! मग वाळूच्या खड्ड्यात चार फटके. कष्टाला मागेपुढे बघत नाही पोरगा. डबल बोगी, मग पुन्हा डबल बोगी. मी म्हणालो, मंडळी, हे डबे एसीचे आहेत!

हसऱ्याची आज कमाल झाली. एका होलवर एकाच फटक्यात बॉल भोकात घातला आणि चालायला लागला. कामचुकारपणालाही काही मर्यादा असते. लोक तिकीट काढून आलेत, एका फटक्यात त्यांची बोळवण? मी हे स्पष्ट बोललो. प्रेक्षक मात्र टाळ्या वाजवत होते. दडपणाखाली असणार.

जाताना मॅडम म्हणाल्या की आता कट होईल. मी सावध झालो. विचारलं, कुणाविरुद्ध? त्या म्हणाल्या, दाढीवाला बहुतेक जातोय त्यात.

म्हणजे कट शिजतोय, सगळ्यांना माहीत आहे आणि कुणाला काही वाटत नाही! मॅडमचे पाणावलेले डोळे आता समजले.

१० ऑक्टोबर, शनिवार. दुपारी

दाढीवाला मैदानात नाही!

घरी पाठवला. का, म्हणून विचारलं तर ज्याला त्याला एकच उत्तर, कट. निर्लज्जपणे. मग मी कुजबुज सोडली आणि मॉलचा आवाज काढला. मंडळी, अधिक एकोणीस अशी प्रचंड आघाडी घेतलेल्या खेळाडूला कट करून बाहेर काढण्यात आलंय! आयोजक स्वतःच कबूल करताहेत! मी असेपर्यंत हे दडपलं जाणार नाही! एक मिनिट शांतता पाळली. मॅडम खुर्चीसकट पडल्या.

प्रोड्यूसर आत आले आणि मला मिठी मारली. इतके प्रेक्षक चॅनेलला कधीच मिळाले नव्हते म्हणे. कॉन्ट्रॅक्ट तयार करायला सांगितलंय, उद्या सही. मी हिला फोन करून सांगितलं, हप्त्यांची काळजी सोड.

संध्याकाळी

एक फोन आला. साक्षात दाढीवाला!

मी म्हणालो, घाबरू नकोस, मी तुझ्या बाजूने आहे. तो म्हणाला, साहेब, आजवर माझ्याबद्दल एवढं चांगलं कुणी बोललं नाही. पण एक सांगू का? मी शेवटून पहिला होतो. गोल्फमध्ये ज्याचे फटके कमी, तो पुढे. बोगी म्हणजे ठरलेल्यापेक्षा एक फटका जास्त, बर्डी म्हणजे एक कमी. आणि दोन दिवसांनंतर मागे राहिलेल्यांना घरी पाठवतात, त्याला कट म्हणतात.

मी म्हणालो, हे मला माहीत आहे. खोटं नाही बोललो. तो सांगत असतानाच माहीत झालं होतं.

मग तो मुद्द्यावर आला. त्याची आई याच शहरात असते. मुलाचा खेळ तिने कधी बघितला नव्हता, त्यातलं काही कळत नाही म्हणून. या वेळी टीव्हीवर माझा आवाज ऐकला आणि बसली. अरे, हा तर निळ्या गाडीवाला! तिची हरवलेली पिशवी मी एकदा माईकवरून शोधून दिली होती म्हणे. तेव्हापासून माझ्यावर फार विश्वास. शुक्रवारी तिने मुलाला फोन करून सांगितलं, पहिला आलास रे. दहा वर्षं खेळतोय, हे वाक्य पहिल्यांदा ऐकलं, असं म्हणाला. मग म्हणाला, साहेब, तिला सांगू नका. मी म्हणालो, मी कशाला सांगतो.

फोन ठेवल्यावर घरच्यांपुढे बाजू मांडली. दोष पद्धतीचा आहे. कमी आकडेवाला पहिला येतो, अशी एक तरी परीक्षा दाखवा! ही म्हणाली, साखरेची. तुम्ही त्यातही दाढीवाल्याच्याच बाजूला आहात.

हिचा सल्ला : उद्याही आज बोललात तसंच बोला आणि सही करून या. सासूबाई आणि लेक हिच्याच बाजूने. पण मी माहिती कक्षातला माणूस. चुकीची माहिती मुद्दाम द्यायची? सतरा वर्षांत मी निळ्या गाडीला पांढरी म्हटलेलं नाही. अख्खं पुस्तक वाचून काढलं. सोपं आहे तसं.

संकल्प : उद्या अचूक. लोक थक्क होतील.

११ ऑक्टोबर, रविवार

अचूक बोललो. हसरा वजा एकवीसवर जिंकला, चार फटक्यांनी. प्रत्येक बर्डीला बर्डी म्हणालो, प्रत्येक बोगीला हळहळलो. सगळं कुजबुजत. मॅडमनी पहिल्यांदाच पूर्ण वेळ खुर्चीत बसून काम केलं. दोनदा जांभई दिली.

प्रेक्षकांचे मेसेज येत होते. साहेबांची तब्येत बरी नाही का? जुन्या साहेबांना परत आणा. मला कळेना, जुना मीच होतो. चारच्या सुमारास प्रोड्यूसर काचेतून हातवारे करायला लागले. गाडी लांब करा, अशी काहीतरी खूण होती. मी दुर्लक्ष केलं. शेवटी मॅडमनी माईकवरच विचारलं, दाढीवाल्याबद्दल आज काय म्हणाल? त्या माउली टीव्हीसमोर बसलेल्या असणार, हे मनात आलं. मी म्हणालो, त्याच्याबद्दल जे बोललो ते बोललो. शब्द मागे घेणार नाही.

दिवसभरात तेवढंच एक वाक्य लोकांना आवडलं म्हणे.

संपल्यावर सही करायला गेलो. नवं पेनही नेलं होतं. प्रोड्यूसर म्हणाले, कॉन्ट्रॅक्ट राहू द्या. गोल्फ कळणारी माणसं आमच्याकडे ढिगाने आहेत. न कळणारे तुम्ही एकच होतात.

म्हणजे मला गोल्फ कळतो, हे त्यांनी तोंडाने कबूल केलं. ही पावती थोडी नाही. घरी येऊन हिला तसं सांगितलं. तिने चौकड्यांची पँट घडी करून कपाटात वर ठेवून दिली. तेव्हा मात्र वाईट वाटलं. फार वाईट वाटलं.

१२ ऑक्टोबर, सोमवार

मॉल. राजीनामा परत मागायला मॅनेजरकडे गेलो. वाटेत भाषण तयार केलं होतं. ते म्हणाले, कुठला राजीनामा? कप उचलला तर खालीच होता. चहाचा गोल डाग नेमका माझ्या सहीवर. त्यांनी विचारलं, म्हणजे तुम्ही नव्हता की काय? इतके दिवस माझं जुनं रेकॉर्डिंग चालू होतं. कुणाला फरक कळला नाही. उलट रेकॉर्डिंग जरा स्पष्ट येतं, असं ते म्हणाले.

जागेवर बसलो. खुर्ची तीच, माईक तोच.

दुपारी एक बाई काउंटरवर आल्या. साठीच्या पुढच्या, हातात कापडी पिशवी, ती अगदी घट्ट धरलेली. म्हणाल्या, गोल्फवर बोलणारे तुम्हीच ना? तुम्ही ज्याला दाढीवाला म्हणता, तो माझा मुलगा. तो मला धड काही सांगत नाही, तुम्ही खरं सांगा. पहिला होता ना तो? मग घरी का पाठवला?

गोल्फचा माझा अभ्यास आता पूर्ण आहे. बोगी कळते, बर्डी कळते. काय घडलं ते एका वाक्यात अचूक सांगता येतं.

माईक बंद आहे ना, ते बघितलं. पुढे वाकलो आणि कुजबुजत सांगितलं, मावशी, कट होता.

त्या म्हणाल्या, मला वाटलंच होतं. पिशवी सावरली आणि ताठ मानेने गेल्या.

कुजबुज झकास जमली. चार दिवसांत इतकी चांगली एकदाही जमली नव्हती.

मग माईक चालू केला. गेटसमोर निळी गाडी उभी होती, ती हलवायला सांगितली. रेकॉर्डिंगपेक्षा बरं आलं, असं मला तरी वाटलं.