धुऊन ठेवलेला डबा

ती. मामांस,

नमस्कार (साष्टांगच घालणार होते, पण कंबर नको म्हणते). तुमच्या चष्म्याचा नंबर आणि मामींचा राग, दोन्ही आटोक्यात असतील असं धरून चालते.

इकडे सगळं ठीक आहे, असं लिहायची पद्धत आहे म्हणून लिहिते. एकोणीस वर्षं मी मानवी हक्क आणि साहित्य शिकवते आहे. साहित्यवाले मला कायद्याची समजतात, कायदेवाले गोष्टी सांगणारी. दोन्ही घरचा पाहुणा उपाशी. आता कुठे प्राध्यापकपदाचा योग आला आहे. सोमवारी निवड समितीपुढे माझं पुस्तक छापून यायला हवं, नाहीतर पद राज्यशास्त्राच्या सरांना. पुस्तक म्हणजे, तुम्हाला ठाऊकच आहे, उचलून नेलेल्या माणसांच्या घरच्यांचे जबाब.

त्यात एका आजींचा जबाब आहे. त्यांच्या भावाला पोलिसांनी दार वाजवून भरल्या ताटावरून उठवून नेलं (दोन मिनिटांचं काम आहे म्हणाले, त्याला एकेचाळीस वर्षं झाली). बोलता बोलता आजी मध्येच म्हणायच्या, तो अजून जेवायचा आहे. अकरा वेळा म्हणाल्या. पुनरुक्ती दिसली की कात्री लावावी, हे तुम्हीच मला शिकवलंत. जन्म गेला तुमचा मुद्रितं तपासण्यात (या पुस्तकाचीही तुम्हीच तपासता आहात). मी दहा वाक्यं कापली, एक ठेवलं. जबाब कसा सुटसुटीत झाला.

दुसऱ्या दिवसापासून माझा डबा रिकामा होऊ लागला. नुसता रिकामा नाही, धुऊन पुसून ठेवलेला. विभागातल्या माझ्या टेबलाचा खण कुलूपबंद, किल्ली माझ्या पर्समध्ये. मी अर्थातच राज्यशास्त्राच्या सरांवर संशय घेतला (त्यांना दोनदा ढेकर देताना पाहिलं होतं). चौथ्या दिवशी डबा मांडीवर घेऊन बसले. एक वाजता उघडला तर रिकामा, आणि अजून कोमट. सहाव्या दिवशी दोन डबे नेले, तर एकच संपला. चोराने दोन्ही संपवले असते. तेव्हा मला खरी भीती वाटली.

दहा दिवसांनी हे थांबलं. अकराव्या दिवशी भरला डबा समोर होता आणि घास उतरेना. मी आजींना फोन केला. मी काही बोलायच्या आधीच त्यांनी विचारलं, "तुमच्याकडे नीट जेवतो ना गं तो?" मामा, मला रडू आलं. शैलीच्या नावाखाली मी त्या बाईच्या तोंडचा घास दहा वेळा काढला होता.

बाकी क्षेम. मामींना नमस्कार.

तुमची,
भाची

ता. क. : पत्राचं खरं कारण हे. ती दहाही वाक्यं जिथल्या तिथे परत घालायला छापखान्याला सांगा. ते माझं ऐकत नाहीत. पुस्तक आठवडाभर लांबेल. लांबू दे. सरांचं अभिनंदन मी आधीच करून टाकलं, बिचारे घाबरले.

आणखी ता. क. : तुमच्या दुरुस्त्यांची प्रत छापखान्यातून आत्ताच आली. मी ठेवलेलं अकरावं वाक्यही तुम्ही कापलंत, समासात 'असंबद्ध' लिहून. तेव्हा तुमचं ताट वाढल्या वाढल्या रिकामं दिसलं, तर मामींवर चिडू नका. शेजारी आणखी एक मांडायला सांगा. आणि जेवणं चालू असताना कुणी दार वाजवलं, तर उघडू नका.