नवमीचे पान

जालना, सोमवार, २ सप्टेंबर १९४६

दुपारी जिनिंगच्या कचेरीत काशीचे पत्र आले. बाईंच्या नाटक मंडळीत ही कपडेपट सांभाळी. मंडळी मोडल्यापासून मिरजेस त्यांच्यासोबतच राहते. मजकूर आठ ओळींचा. बाईंची दृष्टी पूर्ण गेली. काशी दसऱ्यास लेकीकडे कायमची जाणार. ‘बाईंनी लिहू नको म्हटलं, म्हणून लिहित्ये.’ शेवटची ओळ चार वेळा वाचली. ती आज येथे उतरवत नाही.

पत्र कचेरीच्या खणात ठेवले. घरी नेता येत नाही. माझ्या घरी बाई पंचवीस वर्षांपूर्वीच वारलेल्या आहेत.

बुधवार, ४ सप्टेंबर

जे कधीच लिहिले नाही ते एकदा क्रमाने लिहावे.

अनसूयाबाई माझी आई. जन्माची नव्हे. प्लेगात माझे घर संपले तेव्हा मी पाच वर्षांचा होतो. मंडळीचा मुक्काम गावाबाहेर होता. दत्तविधान झाले नाही. त्यांना ते कोण करू देणार? मला कपड्यांच्या पेटीवर बसवून त्यांनी नारळ फोडला. तेवढाच विधी. बाया-बायांची मंडळी, राजाची कामे बाईंकडे. खेळ संपला की मिशी काढून प्रथम माझ्या ओठावर चिकटवीत आणि मुजरा करीत. दहाव्या वर्षी वसतिगृहात घातले. बी. कॉम. झालो तो त्यांच्या गळ्याच्या कमाईवर.

सन २१, अंबड. मुलगी पाहण्यास गेलो होतो. सासरे वकील. औरंगाबादेस त्यांनी बाईंचा राजा पाहिलेला; अर्धा तास त्याचीच तारीफ. मग म्हणाले, ‘पण अशा बायांच्या घरचं पाणी पिणं काई आपल्याला जमायचं न्हाई.’ आणि पानाला चुना लावीत विचारले, ‘तुमच्या मातोश्री?’

मी म्हणालो, ‘नाहीत.’

एक शब्द. गुरुजी शेजारीच होते. त्यांनी तिथी विचारली. मी भाद्रपद वद्य नवमी सांगितली. अविधवा नवमी सर्वांच्या लक्षात राहते, एवढाच विचार.

रविवार, ८ सप्टेंबर

लक्ष्मीने गव्हले उन्हात घातले आहेत. नवमीची तयारी.

लग्नानंतरच्या पहिल्या नवमीस तिने विचारले होते, सासूबाईंना काय आवडायचं? गव्हल्यांची खीर आणि अळूचे फदफदे, असे मी सांगितले. त्या साऱ्या प्रकरणात तेवढेच खरे होते. तेव्हापासून ती दरवर्षी तेच करते. आणि पान वाढले की त्यापाशी बसून हलक्या आवाजात बोलते. पहिला मुलगा गेला त्या वर्षी पुष्कळ वेळ बसली होती. तिला तिची आई आठवत नाही. मी तिला सासू दिली ती ही अशी.

कावळा आमच्याकडे नेहमी उशिरा शिवतो. आज सहज म्हणाली, ‘सासूबाईंचं काईतरी मागं राह्यलंय बघा. तुम्हाला ठाऊक असंल, सांगत न्हाई तुम्ही.’

मी वर्तमानपत्र वाचत राहिलो.

शुक्रवार, १३ सप्टेंबर

शेठजींकडे आठ दिवसांची रजा मागितली. कारण विचारले. ‘घरचे काम,’ म्हणालो. ते हसले. तीस वर्षांत मला घरचे काम निघालेले त्यांनी ऐकले नव्हते. ‘जा, पण जल्दी या. कापूस बराबर तोंडावर हाय.’

मिरजेस दुसरी खोली पाहून, एखादी बाई ठेवून परतता येईल. लक्ष्मीला काही कळणार नाही. योजना निर्दोष आहे. मात्र काशीची ती ओळ…

बुधवार, १८ सप्टेंबर

उद्या नवमी. ती ओळ लिहितो.

‘नवमी जवळ आली. त्या दिवशी बाई अन्नाला शिवत नाहीत. जालन्याला पान वाढलंय माझं, म्हणतात. ह्या वयात उपास सोसत नाही, तुम्ही तरी सांगा.’

लग्नाच्या दुसऱ्या वर्षी, कामाच्या निमित्ताने मिरजेस गेलो असता, मी बाईंना सारे कबूल केले होते. त्या रागावल्या नाहीत. ‘तिथी कुठली दिलीस रे?’ म्हणाल्या. मी सांगितली. ‘मग त्या दिवशी इथं जेवायचं नाही. एका दिवसाची दोन जेवणं बरी नव्हेत.’ आणि मोठ्याने हसल्या. मीही हसलो. विनोद समजलो. पुढे वर्षातून एकदा भेटत राहिलो; हा विषय मी पुन्हा काढला नाही, त्यांनीही नाही.

गुरुवार, १९ सप्टेंबर. नवमी

सकाळी लक्ष्मी चुलीपाशी होती. खीर उतरवून झाली होती. मी स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर बसलो, जिथे मी कधी बसत नाही, आणि सर्व सांगितले. नाव, धंदा, अंबडची बैठक, काशीचे पत्र. क्रम चुकू दिला नाही. ती पदराने हात पुसत राहिली. हात कोरडे होते.

नाटकाविषयी तिने काही विचारले नाही. म्हणाली, ‘मंग इतके वर्षं मी कुणाशी बोलून राह्यले?’

नंतर म्हणाली, ‘आणि मी हितं वाढून राह्यले अन् त्या तिथं उपाशी. आजबी?’

‘आजही.’

गुरुजी दारात आले. ती स्वतः बाहेर गेली. यंदा न्हाई, म्हणून शिधा देऊन परत पाठविले. कारण सांगितले नाही. तिने पान वाढले नाही, छतावर घास ठेवला नाही. स्वतः जेवली नाही. मला वाढले. मी जेवलो, कारण तिने समोर बसून ‘जेवा’ म्हटले.

खीर तशीच झाकून राहिली.

शुक्रवार, २० सप्टेंबर

अबोला. चहा मिळाला.

सायंकाळी एकच वाक्य: ‘आबा असते तर त्यांनी तुम्हाला दारात उभं केलं नसतं.’ आबा म्हणजे तिचे वडील. मग आणखी एक: ‘तेबी चोरून नाटकाला गेल्तेच की.’

हे माझ्या बाजूचे की विरुद्ध, ठरविता आले नाही.

रविवार, २२ सप्टेंबर, मनमाड स्टेशन

दौंडची गाडी दोन तास उशिरा. बाकावर बसून लिहीत आहे.

निघताना लक्ष्मीने गव्हल्यांचा डबा हातात दिला. तिथे कुणाकडून तरी करून घ्या, म्हणाली. मी विचारले, त्यांना घेऊन येऊ काय? ती दाराच्या कडीशी चाळा करीत होती.

‘ते अजून ठरवलं न्हाई मी. तुम्ही ठरवलं होतं तेव्हा मला इचारलं होतं का?’

मी पायऱ्या उतरलो. मागून हाक आली.

‘अहो. त्यांना खीर पातळ आवडते का घट्ट? मी आपली पातळच करत आले.’

पंचवीस वर्षे त्या पानाविषयी तिने विचारलेल्या प्रत्येक प्रश्नाला माझ्याकडे तत्काळ उत्तर होते. या वेळी मी रस्त्यात उभा राहिलो. पितळी वाटी आठवली, ती पुढे करणाऱ्या बोटातली बाईंची अंगठी आठवली, खीर आठवेना.

‘ठाऊक नाही,’ म्हणालो.

‘मंग इचारून या,’ ती म्हणाली, आणि दार लावून घेतले नाही.