ओटीतले सात हिरडे

मी, चिंधू बुधा गभाले, वय वर्षे चौऱ्याहत्तर, निवृत्त प्राथमिक शिक्षक, राहणार उंबरदरा, तालुका आंबेगाव, हे मृत्युपत्र पूर्ण शुद्धीत आणि कोणाच्याही दडपणाशिवाय करतो आहे. कान थोडे गेले आहेत, डोके जागेवर आहे. हात कापतो म्हणून मी सांगतो आणि माझी नात मथुरा लिहून घेते. पुढे काय लिहावे लागणार आहे, हे तिला अजून ठाऊक नाही.

१. ओढ्याकडची तिन्ही भातखाचरे पत्नी ठमाबाईला. तिच्यामागे मुलगा दशरथ याला, पण त्याने ती बंगलेवाल्यांना विकू नयेत. विकायचीच झाली तर आधी माझा फोटो भिंतीवरून उतरवावा.

२. घराचा खालचा मजला दशरथला. वरचा मजला घरातल्या कोणालाही नाही. वाडीतल्या शिकणाऱ्या मुलींना तिथे अभ्यासाला बसू द्यावे. तो मजला माझ्या पगारातून झालेला नाही. कारण कलम चारमध्ये येईल.

३. मेहुणा कोंडाजी केंगले याला काहीही देत नाही. आमचा बारा वर्षे अबोला आहे. बाजारात चारचौघांसमोर तो मला म्हणाला होता, "मास्तर, पोरांना शिकवायचं ठेवून आता परक्यांना आपली जात शिकवाया लागला का?" मी त्याला वाटेल ते बोललो. ठमाबाईचे माहेर तुटले ते माझ्या तोंडामुळे. कोंडाजीचे बरोबर होते. ज्याला मृत्युपत्रात काही मिळते त्याने साक्षीला राहू नये असा नियम आहे, आणि मला साक्ष त्याचीच हवी आहे.

४. लोखंडी पेटीतली निळी वही. हिची हकीकत सविस्तर सांगणे भाग आहे.

आम्ही महादेव कोळी. जमातीचा दाखला खरा की खोटा हे पडताळणी समिती ठरवते. कागद कमी पडले की साहेब चालीरीती विचारतात: देव कोणते, लग्नात काय करता, मयताला काय करता. बारा वर्षांपूर्वी तालुक्याला दाखले काढून देणारा एक दलाल माझ्याकडे आला. त्याची गिऱ्हाइके आमच्यातली नव्हती. त्यांना पाठ करता यावे म्हणून मी चाळीस प्रश्नांची उत्तरे सुवाच्य अक्षरात लिहून दिली. वाघबारशीचा सण, वरसूबाई देवी, आईने जात्यावर सांगितलेले, सगळे दिले. मूळ प्रत ही वही. वरचा मजला तिच्यातून उभा राहिला.

मन खात होते. म्हणून एक उत्तर मुद्दाम खोटे घातले. तेविसावा प्रश्न, नवरीच्या ओटीत काय घालतात? मी लिहिले, सात हिरडे. हिरडा आम्ही रानातून गोळा करून विकतो. पोट साफ करायचे औषध ते, नवरीच्या ओटीत कोण घालील? वाटले, एखादा जाणता साहेब हसेल आणि खोटे लोक जागच्या जागी सापडतील. फार मोठी हुशारी केली, असे मला वाटले होते.

कोणी हसले नाही. एकामागून एक येणारा प्रत्येक जण तेच सांगू लागला आणि समितीच्या टिपणात तेच खरे उत्तर होऊन बसले. गेल्या उन्हाळ्यात पुतण्याच्या लग्नात ठमाबाईनेच नवरीच्या ओटीत सात हिरडे घातले. हे काय, म्हणून विचारले तर म्हणाली, "साहेब विचारतात म्हणे. उद्या पोरं खोटी पडायला नकोत." मी मांडवातून उठून गेलो. मथुरा परीक्षेमुळे त्या लग्नाला नव्हती.

त्यानंतर मथुराची पाळी आली. तिला पशुवैद्यकीयला प्रवेश मिळाला होता. तिच्या पणजोबाच्या नोंदीत नुसते 'कोळी' आहे, म्हणून सगळी भिस्त प्रश्नांवर. ओटीत तांदूळ, नारळ, हळकुंड, असे तिने सांगितले. साहेबांनी विचारले, आणि हिरडे? ती हसली. निकालात लिहून आले की अर्जदारास जमातीच्या विवाहविधींची माहिती नाही, सबब दावा अवैध. प्रवेश गेला. तो कागद याच ओसरीवर तिने मला वाचून दाखवला आणि मी गप्प बसलो. त्याला सहा महिने झाले.

इथे मथुराने पेन खाली ठेवले. तिने विचारले, "आजोबा, निकाल वाचला तेव्हाच तुम्हाला कळलं होतं?" मी हो म्हणालो आणि तेही लिहायला सांगितले. ती लिहिते आहे. माझ्याकडे बघत नाही. मला लाज वाटते, आणि ती वाटून तिचे वर्ष परत येत नाही हेही कळते.

५. समितीला विनंती. टिपणातली ठरीव उत्तरे जाळावीत. साहेबांनी वाडीवर यावे, एखाद्या लग्नात दिवसभर बसावे, म्हाताऱ्यांशी बोलावे, जमिनीचे जुने उतारे आणि शाळेची रजिस्टरे बघावीत. दोन वाड्यांचे रिवाज थोडे वेगळेच असणार. सगळे जण शब्दाला शब्द तेच सांगू लागले तर संशय तिथे घ्यावा. आणि माझ्यासारख्या मास्तराचे अक्षर चांगले आहे म्हणून त्याच्यावर विश्वास ठेवू नये.

६. निकालाविरुद्ध मथुराने उच्च न्यायालयात दाद मागितली आहे. वही माझ्या मरणानंतर तिथे द्यावी, असे मी सांगितले होते. मथुरा म्हणाली, "माझी तारीख एकवीसला आहे. तोवर तुम्ही मरणार आहात का?" ते वाक्य खोडले आहे. एकवीस तारखेला वही घेऊन मी स्वतः उभा राहीन. पेन्शन जाईल, खटला होईल, म्हणून दशरथने जेवण टाकले आहे. त्याने जेवावे.

हे सारे मला वाचून दाखवले, ऐकू आले, पटले, म्हणून खाली सही करतो.

चिंधू बुधा गभाले

ठिकाण उंबरदरा, दिनांक १० मार्च २०२३

साक्षीदार १: कोंडाजी लिंबाजी केंगले, वय ६८, धंदा शेती, जमात महादेव कोळी. बोलावले म्हणून आलो. बहिणीच्या हातचा चहा घेतला, मग सही केली.

साक्षीदार २: रोहिणी मारुती लोहकरे, वय ४१, आरोग्यसेविका, जमात महादेव कोळी.

लिहून घेणार: मथुरा दशरथ गभाले, वय १९, धंदा काही नाही, जमात (जागा कोरी ठेवली आहे. मथुरा.)