मागच्या रांगेतली टोपी

आप्पा, आज इंदिरानगरच्या घरातलं तुमचं कपाट आवरताना ती टोपी सापडली. टीव्ही काळापांढरा होता तेव्हापासून तुम्ही त्यात गडी, शिपाई, पोस्टमन, हमाल झालात ते याच टोपीखाली, आणि बाजारात जातानाही डोक्यावर हीच. कपडेपटातली तुम्हाला चालायची नाही. "नव्या टोपीला घाम नसतो," म्हणायचात. टोपी हातात घेतली आणि डोळ्यांपुढे तेव्हाचं स्वयंपाकघर आलं. आई पोळ्या लाटतेय, तुम्ही पिठाचा डबा डोक्यावर घेऊन ओट्यापासून दारापर्यंत चालताय. "अहो, सांडेल ते!" आई ओरडते. तुम्ही म्हणता, "सांडलं तर समजायचं, अजून मीच चालतोय. तो चालायला लागला की नाही सांडणार."

'तो' म्हणजे मनमाड स्टेशनातला एक हमाल. त्याची चाल बघत तुम्ही दोन दिवस फलाटावर बसला होतात. ज्याची चाल घ्यायची त्याला आधी विचारायचं, आणि कार्यक्रम दाखवून झाला की त्याच्या घरी पेढे न्यायचे, हा तुमचा नेम. मला तो विक्षिप्तपणा वाटायचा. तेव्हा मी पुस्तकांचे ढीग उपसत होते, आणि कॉलेजात माझं भाषण म्हटलं की सभागृह भरायचं.

नव्वदच्या दशकातली ती संध्याकाळ. मी व्यासपीठावरून गरजले, "गरिबाची टिंगल करून टाळ्या मिळवणारे विदूषक शोधायला लांब जाऊ नका. माझ्याच घरात एक आहे!" सभागृह दणाणलं. तुम्ही मागच्या रांगेत होतात. घरी आले तर तुम्ही चहा टाकत होतात. "ऐकलं भाषण," तुम्ही म्हणालात, "आवाज खणखणीत. पण टाळी संपायच्या आत पुढचं वाक्य घेतेस. टाळी खाली उतरू दे गं, मग बोल." एवढंच. मग आतल्या खोलीत आईला समजावताना ऐकू आलात, "अगं, मी आलोय हे तिला कुठं ठाऊक होतं? दिसलो असतो तर नसती बोलली पोर."

तुम्ही गेलात त्या दिवशी मनमाडहून तो हमाल आला होता. पार थकलेला. "ताई, लोक आमच्याकडं बघून हसायचे," तो म्हणाला, "पण साहेबांनी टीव्हीत माझी चाल केली, तवा मी पैल्यांदा घरच्यांसंगं बसून हसलो. बायको म्हनली, लय रुबाबात चालता की वो तुमी!" मी नुसते हात जोडले. लोकांना हसवून अन्याय विसरायला लावणं हे पाप आहे, या मतावरून मी आजही तसूभर हललेली नाही. पण तो गुन्हा तुमचा नव्हता. तुमच्या हयातीत हे मी एकदाही बोलले नाही.

हे पत्र टोपीखाली ठेवून कपाट लावून घेणार आहे. आता भाषणात टाळी उतरेपर्यंत मी थांबते, आप्पा. तेवढ्या वेळात नजर मागच्या रांगेकडे जाते. ती सवय मात्र तुम्ही लावलेली नाही, आधीचीच आहे. त्या संध्याकाळीही नजर गेली होती. टोपी दिसली होती मला, ते वाक्य बोलायच्या आधी.