शिंजोला सिनेमा उशिरा पोचतो

उझुमासा, क्योतो
१८ ऑक्टोबर १९३०

ती. स्व. जिन्पेईदादास,
मात्सुझोचा सा. न. वि. वि.

तुझं पत्र आणि वहिनीने पाठवलेलं धुरावलेल्या मुळ्याचं लोणचं पोचलं. डबा उघडला तर सगळा स्टुडिओ नाक मुरडायला लागला. मी एकट्यानेच फस्त केलं. या दक्षिणेकडच्या लोकांना चव कुठली!

नवा सिनेमा कालच संपला. यातही मी धनी गमावलेला सामुराईच आहे आणि शेवटी पुलावर सगळ्यांना कापून काढतो. टोपाखाली डोक्याची सालटी निघाली आहेत, पण तक्रार नाही. गंमत ऐक. दिग्दर्शक ओरडले, शत्रूला शाप द्या! मूकपटात मी काय बोलतो ते कोण ऐकणार? मी तलवार उपसली, डोळे वटारले आणि आपल्या बोलीत म्हणालो, आई, जेवलीस का? सगळे म्हणाले, काय तो आवेश! पुलाचा प्रसंग आला की माझ्या ओठांकडे नीट बघ आणि आईला सांग. आपल्याकडे थंडीत तोंड उघडायची सोय नाही म्हणून आपण ओठातल्या ओठात बोलतो. ते वाचणारा जगात तू एकटाच.

आसागिरी रान्नोस्के या माझ्या पडद्यावरच्या नावाने बायकांची पत्रं येतात. परवाचं एक थेट शिंजोहून होतं. लिहिते, तुमचा आवाज ऐकून अंगावर काटा येतो. तिथे थिएटरात पडद्याशेजारी उभा राहून सगळ्या पात्रांचं बोलणार तू, आणि काटा मात्र माझ्या नावावर!

आईचा खोकला कसा आहे? तिच्या पायांवर डोकं ठेवतो. लोभ आहेच, तो लोणच्यासकट वाढवावा.
तुझा,
मात्सुझो

*

शिंजो
९ मे १९३१

चि. मात्सुझोस अनेक आशीर्वाद.

तुझा सिनेमा एकदाचा आला. सगळा देश फिरून, फितीवर चिरा पडून, बर्फ वितळल्यावर मग आमचा नंबर. आमचं गाव शेवटचं, त्याला इलाज नाही.

आई गेल्याची तार तुला फेब्रुवारीतच केली होती. चित्रीकरण सोडून येता आलं नाही, हे मनाला लावून घेऊ नकोस. ती शुद्धीवर नव्हती. तू आला असतास तरी तिने ओळखलं नसतं.

पुलाचा प्रसंग आला. त्या जागी मी दणदणीत शाप लिहून ठेवला होता, चांगला पाठ केला होता. तू तलवार उपसलीस आणि तुझे ओठ हलले. मला वाचता आलं. समोर तिसऱ्या रांगेत आईच्या नेहमीच्या जागेवर तुझ्या सातोवहिनीने तिची बसायची उशी ठेवली होती. माझ्या तोंडून शब्द फुटेना. थिएटरात चिडीचूप. लोकांना वाटलं, लढाईआधी सामुराई असाच गप्प होत असणार. टाळ्या पडल्या रे! मालक म्हणाले, उद्यापासून रोज असंच करा.

यापुढे काही महत्त्वाचं असेल तर पत्रात लिहीत जा. पडद्यावरचा निरोप पोचेपर्यंत माणसं थांबत नाहीत.

आणि हो, दुसऱ्या लढाईत तुझा कमरपट्टा सैल होता. सातोच्यासुद्धा लक्षात आलं. कळावे, जपून राहावे, हे सांगायला आता मीच उरलो आहे.
तुझा दादा,
जिन्पेई

*

उझुमासा
२१ नोव्हेंबर १९३२

ती. स्व. दादास सा. न. वि. वि.

आमच्या कंपनीने बोलपट काढायचं ठरवलं आहे. परवा माझ्या आवाजाची परीक्षा झाली. पूर्ण वेश, दोन तलवारी, कपाळावर जखमेचा रंग. एकच वाक्य होतं, की या पुलावरून कोणी जिवंत जाणार नाही. मी म्हणालो. यंत्रावर बसलेल्या माणसाने कानावरचं काढून ठेवलं आणि तोंडावर हात धरला. मग सगळेच हसले. दिग्दर्शक चांगले गृहस्थ आहेत, ते तेवढे हसले नाहीत. म्हणाले, रान्नोस्के, तुम्ही बोललात आणि वाटलं, उत्तरेचा मुळेवाला चिलखत घालून आलाय.

मी पण हसलो. न हसून करतो काय?

खोलीवर आल्यावर लक्षात आलं, लढताना माझ्या कानात कायम तुझाच आवाज असायचा. मला वाटायचं, तो माझाच आहे. आता रोज सकाळी एका मास्तरांकडे बोलायला शिकतो. वयाच्या चौतिसाव्या वर्षी बाराखडी! मास्तर म्हणतात, जमेल. त्यांच्या म्हणण्यावर मी विश्वास ठेवतो, कारण दुसरं काही ठेवायला जागाच नाही.

तुझ्या थिएटरात हे यंत्र आलं नाही ना? लोभ असावा, आणि या खेपेस जरा जास्त असावा.
मात्सुझो

*

शिंजो
१५ जानेवारी १९३३

चि. मात्सुझोस अनेक आशीर्वाद.

अरे, हसणाऱ्याचे दात दिसतात, त्यात आपलं काय जातं? लहानपणी तू दिवाणखान्यात फळकुटाची तलवार घेऊन नाचायचास आणि मी कोपऱ्यातून गर्जना करायचो, तेव्हा आबा हसून लोळायचे. म्हणून का आपण थांबलो? सकाळी कोमट पाणी पी. वाक्य बोलायच्या आधी श्वास पोटात धर. घाई करू नकोस.

माझी काळजी नको. मालक म्हणतात, जिन्पेई असताना यंत्र कशाला? आणि इथल्या बर्फात ते चालणारही नाही. थिएटर भरतं आहे. मी रोज घसा फोडून बोलतो. सातो म्हणते, घरी तरी गप्प बसा.

जमेल तुला. जमलंच पाहिजे. माझा आशीर्वाद आहे आणि आईची उशी अजून तिसऱ्या रांगेतच आहे.
जिन्पेई

*

क्योतो
३० सप्टेंबर १९३३

ती. स्व. दादास सा. न. वि. वि.

उशीर झाला, रागावू नकोस. काम फार आहे. आता मला गंभीर भूमिका देतात, कमी बोलणाऱ्या माणसांच्या. दिग्दर्शक म्हणतात, तुमच्या नुसत्या उभं राहण्यात वजन आहे. मास्तरांची शिकवणी बंद केली, गरज उरली नाही.

खोली बदलली आहे. ही लहान आहे, पण स्टुडिओला जवळ. पत्ता खाली देतो, ओशिगेबाईंच्या घरी. बाई भल्या आहेत, मिसो सूप आईसारखं खारट करतात. इकडे यायचा बेत मात्र करू नकोस, मी बहुतेक बाहेरगावी चित्रीकरणाला असतो.

वहिनीला सांग, आईची जुनी जाड रजई कोणी वापरत नसेल तर पाठव. हौस म्हणून मागतो आहे. बाकी सगळं उत्तम. लोभ असावा.
मात्सुझो

*

शिंजो
२० डिसेंबर १९३३

चि. मात्सुझोभाऊजींस सातोचे अनेक आशीर्वाद.

रजई पाठवली ती मिळाली असेल. हे पत्र ह्यांना न सांगता लिहिते आहे, तेव्हा उत्तर माहेरच्या पत्त्यावर टाका.

भाऊजी, थिएटरात यंत्र येऊन दीड वर्ष होत आलं. मालकांनी ह्यांना एकदम काढलं नाही, एवढे उपकार केले. दारात लोक चपला-खडावा काढतात, त्या सांभाळायचं काम दिलं. ज्या थिएटरात ह्यांच्या आवाजावर लोक रडत होते, तिथे हे आता लाकडी बिल्ले वाटतात आणि खाली मान घालून खडावा लावून ठेवतात. घरी आले की बोलत नाहीत. आधी मी म्हणायची, गप्प बसा. आता म्हणते, ओरडा, पण बोला.

त्यांना मदत नको आहे, ती मलाच मागायची आहे. तुम्ही तिथे मोठे आहात. तुमच्या शब्दाला मान असेल. स्टुडिओत ह्यांना कुठलंही काम बघा, झाडू मारायचं असलं तरी चालेल. आपल्या माणसाजवळ राहिले तर बोलतील. मी पदर पसरते.

जपून असा, आणि वहिनीला विसरू नका.
सातो

*

क्योतो
११ फेब्रुवारी १९३४

ती. स्व. सौ. वहिनीस मात्सुझोचा सा. न.

तुमचं पत्र पुन्हा पुन्हा वाचलं. झाडूची भाषा कसली करता? दादाला मी बोलवून घेणारच. तो नसता तर आसागिरी रान्नोस्केला कोणी कुत्रं ओळखलं नसतं. फक्त जरा दम धरा. सध्या मोठ्या बोलपटाचं काम चालू आहे, पुलावरच्या लढाईचं. ते संपलं, चेरी फुलली, की साहेबांशी बोलतो.

मला सगळं कळलंय, हे दादाला कळू देऊ नका. तो मरेल लाजेने. आम्ही दोघं भाऊ त्या बाबतीत एका माळेचे मणी.

जरा खोकला आहे, क्योतोची थंडी ओलसर असते. रजई फार उपयोगी पडते. तिला अजून आपल्या घराच्या धुराचा वास आहे. आशीर्वाद असू द्या, सध्या तेच खर्चायला लागतात.
मात्सुझो

*

शिंजो
१७ नोव्हेंबर १९३४

चि. मात्सुझोस अनेक आशीर्वाद.

उन्हाळ्यापासून तुझं पत्र नाही. मी म्हटलं, मोठा माणूस, कामात असेल. आणि खरं सांगू? माझ्याकडेही लिहिण्यासारखं काही नव्हतं. सातोने आता कबूल केलं की तुला सगळं ठाऊक आहे. तर लपवत नाही. मी चपला सांभाळतो.

परवा तुमच्या कंपनीचा बोलपट आला. फलकावर तुझं नाव शोधलं, नव्हतं. सातो म्हणाली, आत जाऊन तरी बघा. खडावा तशाच टाकून मी गेलो आणि भिंतीला टेकून उभा राहिलो. पूल आला. नवा नायक पोरगेला आहे, पण आवाज खणखणीत. त्याने पहिल्याच फटक्यात ज्यांना कापलं, त्यांतला एक चिखलात पडला आणि तोंड आमच्याकडे झालं. तो तू होतास. किती वाळलास रे! वर नायकाचं भाषण चाललं होतं, ढोल वाजत होते, सगळे त्याच्याकडे बघत होते. आणि चिखलात तुझे ओठ हलले.

वाटलं, मी चुकलो. दुसऱ्या खेळाला पुन्हा गेलो. चुकलो नव्हतो. तू म्हणतोस, दादा, मला घरी ने.

मी ते मोठ्याने बोललो रे. राहवलंच नाही. किती दिवसांनी त्या थिएटरात माझा आवाज घुमला! पुढचे लोक वळून म्हणाले, ए म्हाताऱ्या, गप्प बस, ऐकू येत नाही.

दोघांनीही झाकली मूठ झाकलेली ठेवली आणि आत काही नव्हतंच. पुरे झालं आता. खोलीतून हलू नकोस. पंचवीस तारखेच्या गाडीने निघतो. तुला घेऊन येईन. थिएटरच्या छपरावरचा बर्फ काढायला दोन माणसं लागतात, मालकांशी बोललो आहे. मी बोललो, मात्सुझो!

सातोने मुळे धुरावर टांगले आहेत. तू आलास की उतरवू.
तुझा दादा,
जिन्पेई

*

क्योतो
२१ नोव्हेंबर १९३४

रा. रा. तोगाशी जिन्पेई यांस, ओशिगेचा नमस्कार.

तुमचं पत्र मी फोडलं, क्षमा असावी. घ्यायला दुसरं कोणी नव्हतं. गाडीत बसायच्या आधी हे तुमच्या हाती पडावं, म्हणून लगेच लिहिते.

मात्सुझोसान ऑगस्टमध्ये गेले. छातीचा आजार होता. वसंतात तो चिखलातला प्रसंग केला, त्यानंतर ते अंथरुणावरून फारसे उठले नाहीत. काम कधीचंच सुटत चाललं होतं. एका दिवसाच्या बोलीवर जायचे, मरायचे, परत यायचे. शेवटपर्यंत ती जाड रजई अंगावरून काढू दिली नाही. अस्थी शेजारच्या देवळात ठेवल्या आहेत, रजई धुऊन माझ्याकडे आहे.

मी तुम्हाला कळवलं नाही, याचा राग धराल. पण माझ्याकडे पत्ता नव्हता. घरून आलेली पत्रं त्यांनी उशाशी बांधून ठेवली होती आणि चितेत सोबत द्या म्हणाले होते, तशी गठ्ठा न सोडताच दिली. आजारपणात मी रोज विचारायची, अहो, घरी कोणाला कळवू का? ते हसायचे. मलाच वाईट वाटायचं, वाटायचं कसली ही माणसं, एकही फिरकत नाही.

तुमचं पत्र वाचलं आणि मग कळलं. ते म्हणायचे, ओशिगेबाई, तुम्ही तसदी घेऊ नका. घरी निरोप मी कधीच पाठवलाय. आमचं गाव शेवटचं आहे, पोचायला वेळ लागतो. पोचला की दादा येईल.

लोभ असावा असं लिहायची माझी ओळख नाही. तुम्ही या. मी दिवा लावून ठेवते.
ओशिगे